मंत्री होता, मग अख्ख्या देशाचा इतिहासमास्तर झाला

पोर्तुगालमधल्या चाळिशी ओलांडलेल्या कुणालाही विचारा, टीव्हीवरचा इतिहास म्हटलं की कोण आठवतं, बहुतेक जण एकच नाव घेतील, जुझे एर्मानो साराइव्हा. सूट, टाय, हवेत सतत फिरणारे हात, मागे एखादा पडका किल्ला नाहीतर गावचं चर्च, आणि हा म्हातारा कॅमेऱ्यात बघून असं सांगतोय की जणू राजा आत्ताच इथून घोड्यावर बसून गेला, धूळसुद्धा अजून खाली बसली नाहीये. समोर कागद नाही, सलग बोलणं, मध्येच आवाज चढतो, मध्येच खाली येतो, कीर्तनकारांसारखं. नकला करणाऱ्यांना तर आयतंच गिऱ्हाईक. 'ओरिझोन्तिश दा मेमोरिया' आणि नंतर 'आ आल्मा इ आ जेंत' हे त्याचे कार्यक्रम सरकारी चॅनल आरटीपीवर वर्षानुवर्षं चालले, आठवड्याला एक गाव, एक किल्ला, एक मठ. जुलै २०१२ मध्ये वयाच्या ९२ व्या वर्षी तो गेला तोपर्यंत दोन पिढ्यांचा इतिहासाचा तास त्याच्याकडेच होता असं म्हटलं तरी चालेल.

आता ह्याच माणसाचं दुसरं टोक बघा. ऑगस्ट १९६८ मध्ये हुकूमशहा सालाझारने त्याच्या शेवटच्या खातेबदलात ह्याला शिक्षणमंत्री केलं. थोड्याच दिवसांत सालाझार आजारपणामुळे सत्तेतून बाहेर पडला, मार्सेलो कायतानो आला, पण मंत्री हाच राहिला. म्हणजे ज्या माणसाने पुढे देशाला इतिहास शिकवला तो आधी त्या राजवटीचा मंत्री होता जिथे पेपरातल्या ओळी निळ्या पेन्सिलीने कापल्या जायच्या आणि पीदे नावाचे गुप्त पोलीस रात्री माणसं उचलून न्यायचे.

मग १९७४ च्या क्रांतीने ती राजवट उलथल्यावर ह्या माणसाला सरकारी टीव्हीवर बसवायला पाहिजे होतं की नाही? पोर्तुगालमध्ये ह्यावर दोन पक्के तट आहेत. एक म्हणतो फॅसिस्टांचा मंत्री, त्याला जनतेच्या पैशावर पडदा दिलाच कशाला. दुसरा म्हणतो अहो किती गोड बोलायचा, राजकारण सोडा, आमच्या आजीला त्याच्यामुळे इतिहास कळला. मला दोन्ही उत्तरं आळशी वाटतात. माझं म्हणणं असंय की त्याला पडद्यावर आणलं ते बरोबरच केलं, पण त्याला एकट्याला सोडलं ही चूक होती आणि ती त्याची नाही, चॅनलची होती. हे नीट सांगायचं तर १९६९ मध्ये जावं लागेल, कारण तिथे टीव्ही आणि हा माणूस असे एकमेकांना भेटतात की नंतरचं सगळं करिअर वेगळंच दिसायला लागतं.

१७ एप्रिल १९६९. कोइंब्रा, देशातलं सगळ्यात जुनं विद्यापीठ, गणित विभागाच्या नव्या बिल्डिंगचं उद्घाटन. राष्ट्राध्यक्ष अमेरिको तोमाश आलेत, शिक्षणमंत्री म्हणून साराइव्हा हजर. विद्यार्थी संघटनेचा अध्यक्ष आल्बेर्तो मार्तिन्श उभा राहतो आणि विद्यार्थ्यांच्या वतीने दोन शब्द बोलायची परवानगी मागतो. बास, एवढंच, परवानगी. ती मिळाली नाही, पाहुणे उठून गेले, आणि त्याच रात्री त्या पोराला अटक झाली. दुसऱ्या दिवसापासून विद्यापीठ पेटलं. संघटनेच्या पुढाऱ्यांना निलंबित केलं, विद्यार्थ्यांनी 'शैक्षणिक सुतक' पाळायचं जाहीर केलं, आणि जूनच्या परीक्षांवर बहिष्कार टाकला जो बहुसंख्य पोरांनी खरंच पाळला, वर्ष वाया जाणार हे माहिती असून.

ह्या सगळ्यात ३० एप्रिलला शिक्षणमंत्री टीव्हीवर आला. हाच माणूस, हेच चॅनल. देशाला उद्देशून बोलला, विद्यार्थ्यांनी राष्ट्रप्रमुखाचा अपमान केला म्हणाला, सुव्यवस्था परत आणली जाईल म्हणाला. विद्यार्थ्यांना उत्तर द्यायला तिथे कॅमेरा नव्हता हे वेगळं सांगायला नको.

आणि मग २२ जूनला फुटबॉलच्या पोर्तुगाल कपची फायनल. एका बाजूला स्टार खेळाडू युसेबियोची बेनफिका आणि दुसऱ्या बाजूला, योगायोग बघा, आकादेमिका, म्हणजे कोइंब्राच्या विद्यार्थ्यांचीच टीम. लिस्बनजवळच्या राष्ट्रीय स्टेडियममध्ये हजारो विद्यार्थी बॅनर घेऊन पोचले, खेळाडू विद्यार्थ्यांचे काळे झगे खांद्यावर टाकून सुतकातल्यासारखे सावकाश चालत मैदानात आले. राष्ट्राध्यक्ष फिरकला नाही. आणि आरटीपीने मॅच दाखवलीच नाही! देशाची कप फायनल, युसेबियो खेळतोय, आणि टीव्हीवर नाही. बेनफिकाने एक्स्ट्रा टाइममध्ये २-१ ने जिंकली, युसेबियोनेच विजयी गोल मारला, पण स्टेडियमबाहेरच्या माणसाला त्या दिवशी ते झगे आणि बॅनर काही दिसले नाहीत.

पुढे ऑक्टोबरमध्ये कोइंब्राच्या ४९ विद्यार्थ्यांना सक्तीने सैन्यात भरती केलं गेलं, तेव्हा अंगोला, गिनी, मोझांबिक ह्या आफ्रिकेतल्या पोर्तुगीज वसाहतींत युद्धं चालू होती, त्यामुळे त्या भरतीचा अर्थ घरच्यांना बरोबर कळला असणार. जानेवारी १९७० मध्ये साराइव्हाला हटवून वेइगा सिमांव ह्यांना मंत्री केलं. नंतर तो ब्राझीलमध्ये राजदूत होऊन गेला, २५ एप्रिल १९७४ ची क्रांती झाली आणि ते पदही संपलं.

इथे गोष्ट संपायला हवी होती, निदान अशा माणसांच्या गोष्टी बाकीच्या देशांत इथेच संपतात. पण १९७८ मध्ये त्याचं पोर्तुगालचा संक्षिप्त इतिहास सांगणारं पुस्तक आलं, 'इश्तोरिया कोन्सिझा', आणि ते धडाधड खपलं, आवृत्त्यांवर आवृत्त्या. त्याच सुमारास टीव्हीवरही परतला. मंत्री व्हायच्या आधी तो शाळेत शिकवायचा, वकिलीही करायचा, त्यामुळे वर्ग कसा धरून ठेवायचा आणि ज्युरीला कसं गुंगवायचं हे दोन्ही त्याला येत होतं, आणि टीव्हीला नेमकं हेच लागतं.

तर चॅनलने त्याला परत घेतलं हे बरोबर का म्हणतोय मी? क्रांती झाली म्हणून जुन्या राजवटीतल्या प्रत्येकाचं तोंड कायमचं बंद करायचं ठरवलं तर निळ्या पेन्सिलीचा फक्त मालक बदलतो. आणि दुसरं कारण जास्त व्यवहाराचं आहे. १९७० च्या जनगणनेत पोर्तुगालमध्ये दर चार माणसांत एक निरक्षर होता. युरोपातला देश, एकेकाळी अर्ध्या जगावर जहाजं फिरवणारा, आणि ही अवस्था, आणि ती ज्या राजवटीने ठेवली तिचा शिक्षणमंत्री हा. अशा देशात पुस्तक न वाचणाऱ्या माणसाला स्वतःच्या गावच्या दगडांबद्दल अभिमानाने आणि सोप्या भाषेत कुणीतरी सांगतंय ही छोटी गोष्ट नव्हती. लहान लहान गावांत, जिथे कॅमेरा एरवी फक्त पूर किंवा खून झाला तरच जातो, तिथे हा जायचा आणि तुमच्या गावात काय काय घडलंय ते सांगायचा. लोकांनी प्रेम केलं त्यात नवल काय.

त्याच्या आधीही ह्या चॅनलवर एकट्याने बोलणारा माणूस होऊन गेला होता. व्हितोरिनो नेमेझियो, अझोर्स बेटांवरचा कवी-कादंबरीकार, १९६९ ते १९७५ तो खुर्चीत बसून बोलायचा, विषय कुठून कुठे जाईल ह्याचा पत्ता नाही. पण त्याचं बोलणं 'मला आठवतं त्याप्रमाणे' असं होतं, कार्यक्रमाचं नावच तसं होतं. ऐकणाऱ्याला कळायचं की हे एका माणसाच्या डोक्यातलं आहे. साराइव्हाचं तसं नव्हतं. तो आठवणी सांगत नव्हता, तो काय घडलं ते सांगत होता. कदाचित, बहुधा, ह्यावर मतभेद आहेत, असली वाक्यं गोष्टीची लय मोडतात म्हणून असा निवेदक ती टाळतो. व्यावसायिक इतिहासकार चिडायचे ते ह्यावरच. कामोइंशवर त्याने पुस्तक लिहिलं, तोच महाकवी जो १५५३ मध्ये गोव्याला आला आणि ज्याचा पुतळा आता जुन्या गोव्याच्या म्युझियममध्ये उभा आहे, तर त्याच्या प्रेमप्रकरणाबद्दल साराइव्हाने असे तर्क लढवले की अभ्यासकांनी कपाळावर हात मारला.

पण इतिहासकारांच्या ह्या तक्रारीबद्दल मला फार सहानुभूती नाही. १९९० च्या दशकात जुझे मातोजु ह्या मोठ्या मध्ययुगीन इतिहासकाराच्या संपादनाखाली पोर्तुगालचा इतिहास आठ खंडांत आला, उत्तम काम. आठ खंड! आणि समोरचा माणूस अर्ध्या तासात किल्ला उभा करून दाखवतोय. लोकांकडे जायचं नाही, त्यांच्या भाषेत बोलायचं नाही, आणि जो जातो त्याला गप्पिष्ट म्हणून हिणवायचं, ही सवय विद्यापीठातल्या लोकांना सगळीकडेच आहे, आपल्याकडे तर विचारूच नका.

मला खटकतं ते वेगळं. त्याच्या कार्यक्रमाचा साचा. एक माणूस, एक कॅमेरा, एक जागा. दुसरा कुणी नाहीच. प्रश्न विचारणारा नाही, अहो पण असं म्हणणारा नाही. आणि बघणाऱ्याला काय वगळलं ते कधीच दिसत नाही, कारण वगळलेलं दिसत नसतं. समजा दक्षिणेतल्या लागुश गावात कुणी कॅमेरा लावला. तिथे उभं राहून म्हणता येतं की इथून राजपुत्र हेन्रीची जहाजं आफ्रिकेच्या किनाऱ्याकडे गेली, आणि ते खरंच आहे. तिथेच उभं राहून हेही म्हणता येतं की १४४४ मध्ये आफ्रिकेतून पकडून आणलेल्या २३५ माणसांना ह्याच गावाबाहेर वाटून घेतलं, आया एकीकडे पोरं एकीकडे, आणि हे दरबारच्याच बखरकाराने, झुरारा त्याचं नाव, लिहून ठेवलंय, कुण्या शत्रूने नाही. दोन्ही वाक्यं खरी. कुठलं बोलायचं आणि कुठल्यावर किती थांबायचं हे बोलणाऱ्याच्या हातात असतं, म्हणून बोलणारा कोण हे बघणाऱ्याला माहिती पाहिजे. किल्ल्यांच्या कार्यक्रमात राजकारण कशाला आणता, ह्या वाक्याला माझं उत्तर एवढंच आहे.

आपल्यासाठी तर हे अजूनच जवळचं आहे. साराइव्हा शिक्षणमंत्री होता त्या काळात पोर्तुगाल सरकारच्या लेखी गोवा अजून पोर्तुगालचाच होता, भारताने बळकावलेला. १९ डिसेंबर १९६१ ला गव्हर्नर जनरल व्हासालो इ सिल्व्हाने शरणागती पत्करली, शेवटच्या माणसापर्यंत लढा हा सालाझारचा हुकूम त्याने पाळला नाही आणि त्यामुळे किती जीव वाचले असतील, तर त्याला बक्षीस म्हणून सैन्यातून हाकललं. क्रांतीनंतर त्याची प्रतिष्ठा परत दिली. आणि गोवा भारताचा हे पोर्तुगालने कागदावर मान्य केलं ते १९७४ च्या शेवटी. म्हणजे तेरा वर्षं एका देशाचं सरकार घडलेली गोष्ट घडलीच नाही असं धरून चाललं, आणि त्यातली दीडेक वर्षं शिक्षण खातं ह्या माणसाकडे होतं. अशा खुर्चीवर बसून उठलेला माणूस पुढे 'काय घडलं' ते सांगायला उभा राहतो तेव्हा निदान त्याच्या शेजारी अजून एक खुर्ची असावी, एवढी अपेक्षा जास्त आहे का?

त्याच्या बाजूने एक गोष्ट सांगायलाच पाहिजे. त्याने भूतकाळ लपवला नाही. सालाझारबद्दल तो शेवटपर्यंत आदरानेच बोलला, मी तसा नव्हतोच असलं नाटक केलं नाही. क्रांतीनंतर रातोरात लोकशाहीवादी झालेल्यांपेक्षा हे बरं, मला तरी. घरातच बघा, त्याचा सख्खा थोरला भाऊ आंतोनियो जुझे साराइव्हा, साहित्याचा मोठा इतिहासकार, कम्युनिस्ट, त्याच राजवटीने त्याला तुरुंग दाखवला, शिकवायला बंदी केली, आणि १९६० मध्ये तो देश सोडून फ्रान्सला गेला. एक भाऊ परागंदा आणि दुसरा मंत्रिमंडळात. ह्या एका घरात त्या शतकाचा पोर्तुगाल मावतो, आणि साराइव्हाला गोष्टी सांगायची एवढी हौस होती तर ह्याहून चांगली गोष्ट त्याला कुठल्या किल्ल्यात मिळणार होती.

फेर्नांदो पेसाचं उदाहरण पण इथे द्यायला हवं. हा पत्रकार दुसऱ्या महायुद्धात लंडनहून बीबीसीच्या पोर्तुगीज सेवेवर बोलायचा, बॉम्ब पडत असताना. युद्ध संपून मायदेशी परतल्यावर सरकारी रेडिओने त्याला दारात उभं केलं नाही, आणि आरटीपीत पक्की नोकरी लागली ती क्रांतीनंतर, सत्तरी उलटून गेल्यावर. मग तो रस्त्यावरचे खड्डे, अर्धवट बांधकामं, सरकारी वेडेपणा असल्या छोट्या छोट्या बातम्या करायचा आणि शेवटी म्हणायचा, "इ एश्ता, एं?" म्हणजे साधारण 'आता बोला!' शंभरी गाठून २००२ मध्ये गेला. दोघंही म्हातारे, दोघंही लाडके, दोघंही खरं काय ते सांगणारे म्हणून ओळखले गेलेले, पण एकाचं प्रत्येक वाक्य बघणाऱ्याला प्रश्न विचारायला लावायचं आणि दुसऱ्याचं ऐकून माणूस समाधानाने झोपायला जायचा. टीव्हीला दोघं लागतात, ह्यात वाद नाही. पण पेसाला दोन-तीन मिनिटं आणि साराइव्हाला अर्धा तास हे गणित कुणी ठरवलं?

आता कुणी म्हणेल की २००७ मध्ये त्याच आरटीपीच्या 'सर्वात थोर पोर्तुगीज' कार्यक्रमात लोकांनी फोन करकरून सालाझारलाच पहिला नंबर दिला, ४१ टक्के मतं, तो ह्याच गोड इतिहासाचा परिणाम. मला हे ओढूनताणून वाटतं. फोन करणारे म्हणजे देश नाही, दुसऱ्या नंबरावर कम्युनिस्ट नेता आल्व्हारो कुन्याल होता आणि तिसऱ्यावर आरिस्तिदेश द सोझा मेंडिश, म्हणजे तो राजनैतिक अधिकारी ज्याने सालाझारचा हुकूम मोडून हजारो निर्वासितांना व्हिसा दिले. म्हणजे पहिला हुकूमशहा आणि पुढचे दोघंही त्याचे बळी! असल्या निकालाचं खापर एका किल्ल्यावाल्या आजोबावर कसं फोडणार. त्याने केला नाही तोही गुन्हा त्याच्यावर लादायची काही गरज नाहीये.

चॅनलवर मात्र लादतो. १९९२ च्या ऑक्टोबरमध्ये एसआयसी हे पहिलं खाजगी चॅनल सुरू झालं, तोपर्यंत देशात टीव्ही म्हणजे आरटीपी, दुसरीकडे जायची सोयच नव्हती. अशा चॅनलची जबाबदारी दुप्पट असते. आणि त्यांना संधी नव्हती असंही नाही, सोन्यासारखी संधी होती. तो परवानगी मागणारा विद्यार्थी, आल्बेर्तो मार्तिन्श, क्रांतीनंतर खासदार झाला, मंत्री झाला, २००९ ते २०११ देशाचा न्यायमंत्री होता. म्हणजे त्या दोन वर्षांत एकीकडे न्यायमंत्री मार्तिन्श आणि दुसरीकडे सरकारी चॅनलवर किल्ल्यासमोर हात उडवत साराइव्हा, दोघंही हयात, दोघंही बोलण्यात पटाईत. गणित विभागाची बिल्डिंगही जागेवर. तिथे कॅमेरा लावून 'इथेच, ह्याच ठिकाणी' असं साराइव्हाच्याच पद्धतीने सुरू करायचं आणि मग माइक मार्तिन्शकडे द्यायचा. दोघांनाही आपापली बाजू मांडू द्यायची, निवाडा कुणी द्यायचा नाही. त्याच्या आयुष्यातला सगळ्यात चांगला एपिसोड झाला असता तो.

हे लिहायचं कारण फक्त पोर्तुगाल नाही. आपल्याकडे आता प्रत्येक गडावर कुणीतरी ट्रायपॉड लावून उभा आहे, मागे भगवा, ड्रोन शॉट, पार्श्वसंगीत, आणि 'हीच ती जागा मित्रांनो'. त्यातले बरेच जण मनापासून करतात, काही तर कागदपत्रं वाचून करतात, मी स्वतः बघतो. वसईच्या किल्ल्यावरचे व्हिडिओ बघताना हटकून वाटतं की १७३९ चा चिमाजी अप्पांचा वेढा इथे एका सुरात सांगितला जातो आणि तोच किल्ला पोर्तुगीज निवेदकाने सांगितला तर दुसऱ्या सुरात सांगेल, आणि दोन्हीकडचा प्रेक्षक तेवढाच खूश होऊन लाइक करेल. आपल्याकडे तर चॅनल सरकारीही नाही, म्हणजे दुसरी खुर्ची ठेवा म्हणून कुणाकडे अर्ज करायचा तेही कळत नाही, ती बघणाऱ्यांनीच मागावी लागेल, कमेंटमध्ये संदर्भ विचारून, आणि विचारला म्हणून शिव्या खाऊन.

आरटीपीला मात्र अजूनही करता येईल. त्यांचा जुना संग्रह आता ऑनलाइन आहे, फुकट बघता येतो. साराइव्हाचे एपिसोड काढून टाका असं मी अजिबात म्हणणार नाही, उलट सगळे ठेवा. फक्त प्रत्येकाखाली दोन ओळी टाका, निवेदक १९६८ ते १९७० शिक्षणमंत्री होता, कोइंब्राचं आंदोलन त्याच्या काळात झालं. आणि २२ जून १९६९ च्या तारखेलाही एक पान ठेवा, त्यावर एवढंच लिहा की ह्या दिवशी कप फायनल होती आणि आम्ही ती दाखवली नाही.